सीना

येमिमा अश्दोदहून सांगते, ओव्हनमध्ये चार तास, मंद.
मी म्हटलं, बाई, चरईतलं माझं स्वयंपाकघर
मे महिन्यात आपोआप ओव्हन होतं,
पण आता डिसेंबर आहे.
तुझ्या बाबांनी आणलेला कुकर आहे,
पाच लिटरचा, एका कानाने तुटका,
रबर तीनदा बदललेलं.

राबोडीतला नासिर म्हणाला, आजी, हा सीना. म्हशीचा.
उभ्याने जगलेल्या जनावराचं वजन
इथे असतं, पुढच्या दोन पायांमध्ये.
घाई केलीत तर ऐकणार नाही.
बोटाने त्याने धागे दाखवले,
सुताच्या लडीसारखे, सगळे एकाच दिशेला निघालेले.

तासभर मिठात. मग तीन पाण्यांनी धुतलं.
मोरीत गुलाबी पाणी गेलं आणि हनोख आठवले.
त्यांनी हे कधी तोंडात घेतलं नाही.
मनाई नव्हती. खूर चिरलेला, रवंथ करणारं,
शास्त्रात सगळं बसतं.
पण त्यांचे आजोबा पेणजवळ घाणा चालवायचे,
शनिवारी घाणा बंद, म्हणून गाव म्हणायचं शनिवार तेली.
शनिवारी बैलही बसून राहायचा.
हनोख म्हणायचे, ज्याच्याबरोबर सुट्टी घेतली
त्याला पानात कसं घ्यायचं?
ही म्हैस आहे हो, मी फोटोला सांगितलं.
फोटो काही बोलला नाही.

कांदे येमिमा म्हणाली तितके. तिची लाल पूडही घातली.
मग तिला न विचारता हिरवं वाटण, आलं,
चार आमसुलं.

पाच शिट्ट्यांनी उघडला. चपलेचा तळ.
आणखी चार. सुरी अडलीच.
पुन्हा लावला आणि घड्याळ पाहिलं,
पावणेसहाला दोन मिनिटं,
येऊरच्या डोंगरामागे ऊन निम्मं गेलेलं.
डोक्यावर पदर, दोन दिवे, डोळ्यांवर हात.
बराखा पुटपुटले.
हात काढले
आणि कुकरने शिट्टी दिली.

गॅस चालू.

आता उद्या अंधार पडेपर्यंत
ज्योत लावायला मला हात नाही,
विझवायलाही नाही.

दुसरी. तिसरी.
पाणी किती घातलं होतं?
मी खुर्चीत बसले, हात मांडीवर, पाहुण्यासारखी.
सहावीला रबर फुसफुसलं.
आठवीला जिन्यात चपला वाजल्या.

वरच्या मजल्यावरच्या हिराबाई भोईर, माहेर बाळकुमचं.
काय गो, कुकर इसारलीस का?

मागायचं नसतं. नुसतं बोलता येतं.
मी म्हटलं, आज हा फारच बडबडतोय.

त्यांनी दिव्यांकडे पाहिलं. मग माझ्याकडे.
मार्गशीर्ष चालू होता,
महिनाभर त्यांच्याकडे अंडंही येत नाही,
आणि वास तर दारापर्यंत आलेला,
मटणाचा नाही हे कळण्याइतका.
पदराचं टोक नाकाला लावलं, आत गेल्या,
व्रात्य पोराचा कान पिळावा तसं बटण पिळलं.
आत काय आहे विचारलं नाही.
शिटी उचलू का, एवढंच.
नको, मी म्हटलं, आपोआप बसू दे.

मग वाफ उतरेपर्यंत बसल्या,
नातवाच्या दातांचं सांगत,
तारा लावायला डॉक्टरने चाळीस हजार मागितलेत म्हणाल्या,
चाळीस, अख्खे.

त्या गेल्यावर झाकण काढलं.
सुरी लागलीच नाही. पळीच्या काठाने धागे सुटले,
जे एकाच दिशेला निघाले होते ते
कुठेही पडले.
एक तुकडा बशीत काढून
फोटोकडे पाठ करून खाल्ला.

मीठ जरा जास्त.
येमिमाला हे उद्याच सांगता येईल,
तीन तारे दिसल्यावर,
चरईत दिसले तर.