वाट द्यायची जागा

इन्व्हरनेसच्या बसस्थानकामागे पावणेआठला
फर्कर मकाय माणसं मोजतो. सोळा.
सतराव्या खुर्चीवर त्याचा डबा,
आणि निळ्या चिकटपट्टीनं आवळलेला एक खोका.

"आज बारा तास," तो माइकमध्ये म्हणतो,
"नऊ ढगांचे, दोन मेंढ्यांचे,
उरलेला एक तुमचा नि माझा."
उन्हाळाभर रोज केलेला विनोद.
तरी मागून हसू आलं की आरशात बघतो,
खिशात विसरलेलं नाणं सापडल्यागत.

शहर सुटतं. शेतं सुटतात.
मग झाडंही एकेक करून उतरून जातात,
आपापला थांबा आल्यासारखी.
पुढं नुसते डोंगर, पाठ करून बसलेले,
अंगावर सप्टेंबरातलं विटकं जांभळं.

रस्ता आता एका गाडीपुरता.
थोड्या थोड्या अंतरावर कडेला फुगलेला,
उंदीर गिळलेल्या सापासारखा,
आणि तिथं खांबावर पांढरी पाटी.
समोरून कुणी आलं की एकानं सरायचं.
कुणी, ते ठरलेलं नाही.
ज्याला जागा जवळ तो सरतो,
आणि जाणारा स्टिअरिंगवरून बोट उचलतो,
एकच, जेमतेम.
पोस्टाची लाल गाडी. ओंडक्यांचा ट्रक.
शाळेची व्हॅन: आत तीन मुलं, तिन्ही जिभा बाहेर.
फर्करचं बोट दिवसभर वर-खाली.

दुसऱ्या रांगेत लीड्सची डोरीन,
एकतीस वर्षं सिटी बस चालवून निवृत्त.
दर वळणाला तिचा उजवा पाय
नसलेला ब्रेक दाबतो.
साओ पावलोचं जोडपं झोपलंय, तोंडं उघडी.
माइकमधून लढाया येत राहतात,
सनासकट, मेलेल्यांच्या आकड्यासकट.

खाडीवरच्या हॉटेलात मसुराचं सूप संपलेलं.

दुपारनंतर एक दरी उघडते,
नदी, उतार, आणि माणूस म्हणून नाही.
"किती अस्पर्श!" मागून कुणीतरी म्हणतं.
फर्कर माइक बंद करतो.
बराच वेळ नुसतं इंजिन.
मग आवाज न चढवता, काचेकडं बघत:
"जिथं गवत जास्त हिरवं, तिथं घर होतं.
गोठा होता. राख टाकायची जागा होती.
दोनशे वर्षं झाली, माती अजून खातेय ते.
मकायच होते सगळे.
मेंढ्यांना वाट द्यायला त्यांना उठवलं,
छपरं पेटवून."
कुणी बोट उचललं होतं का,
असं विचारावंसं वाटतं. विचारत नाही.
हिरवे तुकडे मोजत जातो आम्ही.
मोजणं लवकरच सुटतं.

उत्तर किनाऱ्यावर, वेळापत्रकात नसलेल्या दारापाशी
तो गाडी थांबवतो. खोका काढतो.
कानाच्या यंत्राचे सेल, दोन बल्ब, संत्री.
आत्या बाहेर येते. ओयरिक, नव्वदीची,
पायात मुलाचे गमबूट.
काचेतून आम्हाला एकेक करून बघते;
प्रेक्षणीय स्थळ आज आम्ही.
कुणीतरी कॅमेरा उचलतं, परत मांडीवर ठेवतं.
ती गेलिकमध्ये काही विचारते.
फर्कर कान खाजवतो: "म्हणतेय,
एवढ्या लांबून काय बघायला आलात?"
सगळे एकमेकांकडं.
डोरीन म्हणते, "रस्ता."
भाषांतर होतं. म्हातारी मान हलवते,
उत्तर पटलं की पोरीची कीव आली,
कळत नाही.
आत जाऊन बटाट्यांची पिशवी आणते.

परतीला अंधार. माइक बंदच.
समोरून दिवे येतात, कुणीतरी सरतं,
उचललेलं बोट आता दिसत नाही,
पण फर्कर उचलतो.
कुठल्याशा वळणावर पिशवी कलंडते,
बटाटे सीटांखालून गडगडत सुटतात,
पुढं, मागं, चढ-उताराच्या मर्जीनं.
एक डोरीनच्या पायाशी येतो.
ती बुटानं त्याला दाबून धरते,
हलकेच,
थेट इन्व्हरनेसपर्यंत.