तेराशे सतरा

कागदाची गिरणी बंद पडली त्याला बरीच वर्षं झाली.
जिथे बाबा रुळांना कान लावून उभे राहायचे
तिथे आता काळ्या कपाटांच्या रांगा.
वास मात्र लगद्याचाच येतो, उणे सत्तावीसच्या रात्री जास्त,
की मलाच येतो, ठाऊक नाही.

मी सरोवर कापते.
दोन हजार अठ्ठेचाळीस चौकोनी तुकडे,
एकेका प्रोसेसला एकेक. प्रत्येकीनं आपल्या तुकड्यावरचा
बर्फ मोजायचा, कडेचे आकडे शेजारणीला द्यायचे
आणि उंबरठ्याशी थांबायचं.
सगळ्या आल्या की पुढचं मिनिट.

सगळ्या येत नाहीत.
पडद्यावर हिरवं म्हणजे काम, तांबडं म्हणजे थांबणं.
दोन हजार सत्तेचाळीस पट्ट्या तांबड्या
आणि त्यांत एकच हिरवा दोरा
या टोकापासून त्या टोकापर्यंत.
तेराशे सतरा.

पेंटिनेन म्हणाला, मेमरी खराब. मेमरी बदलली.
रौहा म्हणाली, केबल. केबल बदलली.
उचलून दुसऱ्या कपाटात नेऊन बसवली,
तिथेही ही उशिराच.
मग नावं ठेवली. मीसुद्धा.

कंपायलरला म्हटलं, घाई कर बाबा,
हवं तर नियम थोडे वाकव.
त्यानं वाकवले. आवर्तनं उलगडली,
चार-चार बेरजा एका दमात उरकल्या,
आधीचं नंतर मिळवलं, नंतरचं आधी.
शाळेत शिकवलं होतं, बेरजेला क्रम नसतो.
पाटीवर नसेल. यंत्रात प्रत्येक आकड्याला शेपूट असतं
आणि दार लावताना ते थोडं तुटतं.
मोठ्यात एकेक लहान टाकत गेलं तर लहान हरवतात;
लहानांनी आधी आपसांत हात धरले, तर उरतात काही.
सकाळी मधल्या पाण्यावर बर्फ होता तेवढाच,
पण कोइवुसारीच्या खिंडीत
अकरा सेंटीमीटरचे नऊ झाले होते.
वेळ वाचला बारा मिनिटं.
ती घाई मी परत केली.

पण खिंडीशी अडले.
बाबांचा जुना नकाशा काढला, घडीवर फाटलेला,
त्यावर पेन्सिलीनं माझे चौकोन आखले.
तेराशे सतराव्यात अख्खी खिंड:
नऊ बेटं, आणि त्यांच्यामधून पळणारं पाणी,
वरून गोठणारं, खालून तोच बर्फ कुरतडणारं.
मोकळ्या पाण्यात उत्तर तीन फेऱ्यांत हाती लागतं.
तिथे एकशे चाळीस.
क्षेत्रफळ मी अगदी काट्यावर सारखं वाटलं होतं.
तिच्या पदरात काय पडलं, ते पाहिलं नव्हतं.

कागद फाटला की शंभर मीटर यंत्र थांबायचं
आणि मुकादम ओरडायचा तो ज्याच्या रुळावर फाटला त्याच्यावर.
बाबा उलटे चालत जायचे, पार हौदापर्यंत,
आणि लगद्याची एखादी गाठ मुठीत आणून
त्याच्या टेबलावर ठेवायचे. ओली.

खिंडीचे सोळा तुकडे केले,
मोकळं पाणी मोठ्या घासांनी वाटलं.
नऊ तासांचे साडेपाच.
थोडं तांबडं अजून आहे. शेवटी फाइल एकटीच लिहिते,
बाकीच्या बघत उभ्या.

सकाळी आईचा फोन. इथलं तापलेलं पाणी
नळांतून गावात जातं, तिच्या रेडिएटरमध्येही.
"रात्री काय केलंस? खोली जरा गार वाटली."
कसं सांगू तिला, की थांबलेली प्रोसेस झोपत नाही,
आली का, आली का, विचारत जागच्या जागी धावते,
आणि वीज जळतेच, जवळजवळ तेवढीच.
अख्खा हिवाळा आईचे लोकरी मोजे
बरेचसे वाट पाहण्यावरच वाळले.
म्हटलं, "रांगेत दुसऱ्या कुणाचं काम लागलंय. येईल ऊब."

दुपारी रेइयो आला, जाळी स्लेजवर बांधून.
"खिंडीत अकरा, नक्की ना?"
मी म्हटलं, साडेदहा धर.
आणि बेटांच्या बाहेरून जा.