उलट

महापेच्या तळघरात एसी आहे तो यंत्रांसाठी.
मी स्वेटर घालून जुन्या फिती पुसते, आकड्यांत उतरवते.
डबा चारशे अकरा. झाकणावर पेन्सिलीने :
'ठाणे. क्रिकेट. आवाज नाही.'

एक मिनिट बावन्न सेकंद.
त्यात नऊ चेंडू, एक कुत्रं, पाण्याची बादली
आणि एक किडकिडीत गोलंदाज, उजव्या हाताचा,
ज्याचं नाव एकाही धावपत्रकात बसेना.

तीन दिवसांनी दिसलं :
अंपायरच्या कोटाची बटणं बायकी बाजूला,
फळ्यावरचे आकडे पाठमोरे.
फीत उलटी चढवली होती कुणीतरी,
पंचेचाळीस वर्षांपूर्वी, बातम्यांच्या घाईत.
मी एक कळ दाबली. तो डावखुरा झाला,
आणि लगेच सापडला –
हिराजी नाखवा, चेंदणी कोळीवाडा.
पाच सामने, सतरा बळी, पुढे बँक.

आले तेव्हा खिशात दोन चष्मे,
कुठला लागेल ठाऊक नव्हतं.
नऊ चेंडू बघितले.
सहाव्याला फलंदाज चकला, यष्टिरक्षकही,
चेंडू थेट कॅमेऱ्यावर, चित्र हललं.
"भास्कर झोपलेला," म्हणाले. एवढंच.
पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा.
बसल्याबसल्या डावा हात जरा वर नेला,
तिथेच थांबवला.
"हा कोण?"

तुम्ही, म्हटलं.
"छे. मी असा नव्हतो टाकत."

वाद कशाला घालायचा. मी खिडकी बंद करायला गेले
आणि मागची जुनी फाइल सुरू झाली, उलटीच.
काका खुर्चीच्या काठावर आले.
"हा! हा बघ. हा मी."

आईच्या लोखंडी कपाटाला आरसा होता.
रात्री सगळे निजले की त्याच्यासमोर,
चेंडूचा आवाज नको म्हणून हातात कांदा.
दहा वर्षं स्वतःला बघितलं ते तेवढंच.
"तुम्ही लोकांनी बघितला तो दुसराच कुणीतरी."

संग्रहात सरळ फीत गेली. नियम आहे.
त्यांच्या पेनड्राइव्हवर मी उलटी दिली,
पाठमोऱ्या आकड्यांसकट.
पावतीवर सही केली त्यांनी,
उजव्या हाताने.
मी बघतेय म्हटल्यावर हसले,
"पहिलीच्या बाईंची छडी,"
आणि पिशवी डाव्या हाताने उचलली.