बेट, दोन गुणांसाठी

चारी बाजूंनी पाण्याने वेढलेला भूभाग म्हणजे बेट.
एकतीस वर्षं हे वाक्य मी फळ्यावर लिहिलं,
सक्करदऱ्याच्या शाळेत, सातवी ब,
मागच्या बाकावर चिंचा सोलल्याचा आवाज.
‘वेढलेला’मधला ढ चारदोघी हमखास चुकवायच्या.
मी अर्धा गुण कापायचे.

वनिता डोंगरवार म्हणाली होती एकदा,
‘म्याडम, तुमी पाह्यलं काय बेट?’
पुस्तक उघडा, मी म्हटलं.

समुद्र आम्हाला कुठूनही सारखाच लांब.
झिरो माइलला चार घोडे उभे आहेत,
इतक्या वर्षांत एकही किनाऱ्याला पोचलेला नाही.

निवृत्तीनंतरच्या दुसऱ्या चैत्रात मग
मोरभवनाहून एसटी, फाट्यावरून ऑटो,
धरणाच्या काठी पत्र्याची खिडकी:
नौकाविहार, चाळीस मिनिटे, जॅकेट सक्तीचे.
जॅकेटला आधीच्या कुणाच्यातरी खोबरेल तेलाचा वास.
दोन बँकवाले, एकाचा मुलगा, एक नवं जोडपं
आणि डबा मांडीवर घेतलेली मी.

गाइड खेमराज मारबते. वय असेल तेवीस.
‘बाई, मंधात बसा. उभं नोका राहू.’
मग पाठ केलेलं भराभर म्हणाला:
इकडे पाणकावळा, तिकडे चक्रवाक,
हा राहिलेला आहे, बाकीचे गेले लडाखला.
‘लडाखला’ म्हणताना त्यानं हात असा केला
जसा पलीकडच्या आळीत.

बेट आलं.
म्हणजे एक बुटकी, खरबरीत पाठ,
वठलेल्या सागाची तीन खोडं,
उतरत गेलेल्या पाण्याच्या रेघा, एकाखाली एक,
कुणी पट्टीनं आखाव्यात तशा,
आणि एक निळी चप्पल, डाव्या पायाची.

बारा पावलांवर त्यानं इंजिन बंद केलं.
‘उतरता येत नाही. अंडी हायेत.’
बँकवाला म्हणाला, तिकिटावर बेट लिहिलंय.
‘बेटच हाय नं साहेब. पाहा.’

नदी सुरय, काळी टोपी, पिवळी चोच.
घरटं कसलं, वाळूत टाच फिरवावी तसा खळगा,
त्यात दोन खडे. खड्यांपैकी एक खडा नव्हता.
ते कळायला मला वेळ लागला.
पाखरू आमच्या डोक्यावर येऊन रागावत राहिलं,
पटावर नाव नसलेली मुलं वर्गात शिरल्यासारखं.

‘दिवाळीनंतर डोकं काढते हे,’ खेमराज हळू म्हणाला,
‘अखितीलोक बेट. मंग पाणी आटलं का
त्या अंगानं पायी जाता येते, तवा टेकडी.
पावसाळ्यात काहीच नाही.
आमचा आजा म्हशी चारे अठी.’
मी विचारलं, नकाशात काय दाखवतात मग?
‘निया रंग,’ तो म्हणाला. ‘सारा निया.’

मी पाण्यात बोटं घातली आणि चाखली.
मुलगा हसला. त्याच्या आईवडिलांनी मला पाहिलं
आणि पाहिलं नाही असं केलं.
मीठ नव्हतंच, असणार कुठून.

परतताना आठवत गेलं, कुठल्यातरी सहामाहीला
कुणीतरी लिहिलं होतं:
बेट म्हणजे पाणी वाढल्यावर उरलेली जागा.
लाल शाईनं मी आडवी रेघ मारली होती, शून्य.
वनिता नव्हती ती. अक्षर गिचमिड, वही खाकी.
नाव आठवेना. काठ येईपर्यंत आठवलं नाही,
फाट्यावरही नाही.

उतरताना खेमराजनं हात दिला. तळवा ओला, घट्ट.
मागे वळून पाहिलं तर बेट दिसत नव्हतं,
उन्हात पाणी सगळीकडे एकच झालं होतं.
फक्त एका जागी ती सुरय
वर जायची, खाली यायची,
वर जायची,
तेवढ्याशा जागेवरून हलत नव्हती.