एकसष्ट टक्के

नेर्ली फोन पुढे करते दोन्ही हातांनी,
काठोकाठ भरलेली वाटी द्यावी तसा.
"एकसष्टवर पडतो," म्हणते. "रोज. एकसष्टवरच."

माझं दुकान म्हणजे युरिमाग्वासच्या धक्क्यावर
एक निळी ताडपत्री, एक भिंग, डाग द्यायची कांडी,
आणि स्क्रूच्या डबीतही शिरणारा नदीचा वास.
खाली इकितोसची बोट भरते आहे:
सिमेंट, कोंबड्या, कुणाचं तरी शिवणयंत्र
आणि केळीचे घड, घडांवर घड.
ते वाहणाऱ्यांत तिचा बाप, बेलिसारियो,
कपाळावर पट्टा, मान ताठ.
दर फेरीला वर बघतो. झालं का?

मी सगळे करतात तिथूनच सुरुवात करते.
बंद कर, चालू कर.
साचलेला केर पूस.
या फोनात अजून २०१९ साल चालू आहे,
कधी कधी तेवढ्यावरूनही रुसतात. तारीख लावली.
गेम काढला, पुन्हा मागवला.

गेममध्ये एक कोल्हा आहे, बर्फातून धावणारा.
नेर्लीनं बर्फ पाहिलाय तो मासळीवाल्यांचा,
भुशात गुंडाळलेल्या लाद्या. मीही तेवढाच.
कोल्हा शेपूट हलवत उभा राहतो,
त्याच्या पायाखाली पट्टी सरकते,
चाळीस, पंचावन्न, साठ,
एकसष्ट
आणि कोल्हा नाही, बर्फ नाही,
पडदा कोरा चेहरा करून बसलेला,
जणू मी तो नव्हेच.

मग कार्ड काढते. नखाएवढं, काळं,
वर सोनेरी आकडा: १२८.
माझ्या म्हाताऱ्या लॅपटॉपला एक काम येतं,
कार्डावर लिहीत जायचं, मग लिहिलेलं परत मागायचं.
सातपर्यंत सगळं परत मिळतं, चोख.
पुढे ते नुसतं "घेतलं, घेतलं" म्हणतं.
पालथा घडा, आणि वर म्हणतो, ओता अजून.

"कुणी आणलं?"
"बाबांनी. वाढदिवसाला. इकितोसहून."
पस्तीस सोल तरी पडले असणार.
घडामागे दहा सेंतिमो धरले
तर साडेतीनशे घड.
हिशेब मी करायला नको होता.

मी तोंड उघडायच्या आत नेर्ली जवळ सरकते.
"माहीत आहे मला. फोटोचा खालचा अर्धा राखाडी येतो,
पहिल्या आठवड्यापासून.
कार्डाचं नाव नका घेऊ.
फोन जुना झालाय म्हणा. तो मावशीनं टाकून दिलेला,
त्याला काय बोललं तरी चालतं."

बावीस वर्षं मी दोष शोधते आहे.
तो कुणाच्या नावावर लिहायचा
हे सांगणारं गिऱ्हाईक पहिलंच.

बेलिसारियो वर येतो, खांद्यावर केळीचा चीक.
मी म्हणते, फोन थकलाय, गेम जड आहे.
तो मान हलवतो, ओझ्याचा अंदाज घ्यावा तशी.
"म्हणजे नवा फोन."
आणि बोटीकडे बघून ओठांत काही मोजू लागतो.

नेर्ली माझ्याकडे बघते.
आम्ही दोघींनी इतका लांबचा विचार केला नव्हता.

"थांबा हो," मी म्हणते, "बोट काही लगेच सुटत नाही."
मावशीचे सहाशे फोटो लॅपटॉपवर उतरवते,
तीन न उघडलेली ॲप्स उपटते,
गेमला फोनच्या स्वतःच्या पोटात जागा करते
आणि कार्ड पुसून, फुंकर मारून, परत बसवते.
राहू दे तिथे. कानातल्या डुलासारखं.

साठ.
एकसष्ट.
बापही वाकून बघतोय, घाम काचेवर टपकतो,
नेर्ली तो बाहीनं पुसते, आणि पुसता पुसता
बासष्ट.

"कार्ड चांगलं आहे ना?" तो विचारतो.
"चांगलं आहे," नेर्ली म्हणते, माझ्या आधी.

मी दोन सोल घेतले.
फुकट म्हटलं असतं
तर त्याला संशय आला असता.