शेरा

रात्री साडेदहाला, महाप्यात, चौथ्या मजल्यावर
माझ्या स्क्रीनवर उघडते लेडी मार्जरी थॉर्नक्लिफची खर्चाची वही.
साल सोळाशे एकतीस.
अक्षर वाळत घातलेल्या सुकटीसारखं, बारीक, वाकडं,
पण सवय झाली की एकेक डोळा दिसतो.

मेणबत्त्या, नऊ शिलिंग.
भाजायला राजहंस, एक.
दूधआईचा तिमाही पगार.
काळं कापड, बारा वार, लंडनहून.
सुताराकडून छोटी पेटी, चार शिलिंग.
कोण किती रडलं त्याला रकाना नव्हता.

मुलांच्या यादीत थॉमस, थॉमस, थॉमस.
कुट्टी सर मागे येऊन उभे राहतात,
डुप्लिकेट आहेत, दोन उडव.
मी तारखा दाखवते.
पहिला अकरा दिवसांचा.
दुसरा चालायला लागला होता,
त्याच्या बुटांचे पैसे दिलेत इथे, हे बघा.
तिसऱ्याला सगळं मिळालं: गढी, कुरणं, मेंढ्या,
नदीतल्या मासळीवरचा हक्क,
आणि दोनदा वापरून घडी घातलेलं ते नाव.

ॲग्नेस सगळ्यांत थोरली.
तिला चौदाव्या वर्षी बाराशे पौंड, नवरा,
आणि एक कबुली, की यापुढे काही मागणार नाही.
सही तिचीच. शेवटचं अक्षर कागदाबाहेर पडलेलं.
पुढची सत्तर पानं मी तिला शोधत होते.
एकदाच सापडली:
‘मुलीकडून चीज आलं. खारट.’

चहाच्या सुट्टीत खिडकीतून घणसोली दिसते.
त्या टॉवरांखाली आमचं खार.
आजा तिथे गुडघाभर चिखलात बांध घालायचा.
मग सिडको आली, मग साडेबारा टक्क्यांचा प्लॉट,
मग गेल्या मे महिन्यात नोंदणी कार्यालय,
मी आणि कुंदा, हक्कसोडपत्र,
‘राजीखुशीने, विनामोबदला.’
बाहेर आल्यावर दादूसने दोघींना साड्या घेतल्या,
जिताडा खाऊ घातला.
जिताडा चांगला होता, खोटं कशाला बोलू.
कुंदा काटे काढत राहिली खूप वेळ.

शेऱ्याला चाळीस अक्षरांची मुभा असते.
मी तिथे रोज टाकते ‘वाचता येत नाही’,
पाण्याच्या डागापाशी, कसरीच्या भोकापाशी.
आज ॲग्नेसच्या सहीसमोर टाकलं
‘वाचता आलं.’

सकाळी कुट्टी सर ते काढतील.
तिन्ही थॉमस मात्र ठेवलेत त्यांनी.