डब्यातली चांदणी

दसऱ्याची गर्दी दीक्षाभूमीवरून
काछीपुऱ्याच्या तोंडापर्यंत सांडलेली.
दुकानात एक भन्ते आले,
चीवर कुणाच्या तरी सायकलच्या ब्रेकला अडकून
वीतभर उसवलेलं.
चेहरा पाहिला अन् जिभेवरून आपोआप निघालं
पन्नास वर्षांत कुणाशी न बोललेलं:
ने काउँ ला? बरे आहात ना?

ते दचकले, मग हसले.
मी सुटलेच.

सांगितलं, माझा बाप उरकुडा नंदनवार,
टिमकीतला कोष्टी. माग बसला तेव्हा
कामठीच्या पलटणीमागे कपडे शिवत रंगूनला गेला.
लढाईत पायी परत आला, लढाई सरली, पुन्हा गेला.
माणूस मशीनीमागे जाते, म्हणायचा.
मी तिथली. म्हणून रंगू.

तुमचा देश स्वतंत्र झाला
पहाटे चार वाजून वीस मिनिटांनी,
ज्योतिष्यांनी काढून दिलेल्या घटकेला.
बाप जागाच होता. दोनशे झेंड्यांची ऑर्डर.
लाल कापड, कोपरा निळा, निळ्यावर एक मोठी चांदणी
अन् भोवती लहान पाच.
साहेबानं बोट ठेवून समजावलं:
ही बर्मी लोकांची, ही शानांची, ही काचिनांची,
ही चिनांची, ही कारेनांची. मोठी सगळ्यांची मिळून.
बापानं विचारलं, अन् आमची कोनती जी?
साहेब म्हणाला, तू शिव.

हजार लागत होत्या, कापल्या गेल्या एक हजार एक.
उरलेली त्यानं बटणांच्या डब्यात टाकली.
चौसष्ट साली दुकान सरकारचं झालं,
गल्ल्यातल्या नोटा एका रात्रीत नुसता कागद.
बंदरावर आईच्या कानातलं उतरवून घेतलं.
डबा उघडून पाहिला,
बटणं आहेत म्हणून सोडला.

भन्ते ऐकत होते. सगळं ऐकून,
हळू, नीट जोडलेल्या बर्मीत म्हणाले:
तुम्ही छान बोलता. माझ्यापेक्षा छान.
मी डोंगरातला, शान. ही भाषा माझी नाही.
शाळेत शिकवली.
माझी बोललो की मास्तर
बोटांमध्ये पेन्सिल धरून दाबायचे.

मशीनचं चाक हातानं थांबवलं मी.
ज्या शाळेत मी टाळ्या घेत कविता म्हणायचे
ती शाळा अन् ती पेन्सिल
एकाच सरकारनं पाठवलेली.

इथे आले तेव्हा चौदाची होते.
टिमकीच्या वर्गात बाई म्हणायच्या, हे कसलं मराठी, शुद्ध बोल.
सगळी पोरं हसायची. हसणारी पोरंही घरी
तसंच बोलायची, हे मला फार नंतर कळलं.
सहलीला झिरो माइलचा दगड दाखवला होता,
म्हणे इथून मोजलं सगळ्यांचं अंतर.
मी दगडाकडे पाहत राहिले.
त्याला कुठूनच काही लांब नव्हतं.

डबा काढला. चांदणी आता पांढरी नाही,
चहात बुडवल्यासारखी.
बाईच्या हातून ते घेणार नाहीत, हे मला ठाऊक,
मेजावर ठेवली, सरकवली.
त्यांनी उलटी केली, सुलटी केली.
हा झेंडा त्यांनी पाहिलेलाच नव्हता.
म्हणाले, आता एकच असते. मोठी.

मग दोघेही गप्प.
बाहेर कुणीतरी पाण्याच्या पिशव्या वाटत होतं.

त्या रंगाचा दोरा नव्हता माझ्याकडे.
सगळ्यात जवळचा घेतला, विटकरी.
चीवर तसंही तुकड्यांचंच असतं,
धानाच्या बांध्यांसारखं,
मधले धुरे दिसतात, दिसू देतात.
टाका उठून दिसेल, म्हटलं.
दिसू द्या, म्हणाले.

जाताना ते काहीतरी बोलले, बर्मीत नाही.
अर्थ विचारायचं सुचलं
तोवर ते गर्दीत मिसळलेले.
चांदणी मेजावरच होती.
फॉल-पिको घ्यायला आलेली मुलगी म्हणाली,
आजी, ही कोणत्या ब्लाउजची?